हॉथॉर्नच्या झाडाखालचा इतिहास

आयर्लंडच्या खेड्यापाड्यांत शेताच्या ऐन मध्यावर कधीकधी एखादे काटेरी, वाकडेतिकडे झाड एकटेच उभे दिसते. भोवतालची सारी जमीन नांगरलेली असते. पण झाडापाशी आला की नांगर वळसा घालून जातो. त्या झाडाचे नाव हॉथॉर्न. आपल्याकडे ते होत नाही. काट्यांच्या बाबतीत त्याला आपल्या बोरीचे नातलग म्हणावे; आणि मे महिन्यात त्याला असा पांढराशुभ्र बहर येतो की, दुरून पाहणाऱ्याला झाडावर कोणी धुतलेली धोतरे वाळत घातली आहेत असे वाटावे. शेतातले असे एकाकी झाड परीलोकाच्या मालकीचे असते आणि त्याची फांदी तोडणाऱ्याचे बरे होत नाही, असा तिकडचा समज आहे. आपल्याकडे मुंजाच्या पिंपळाला जो मान, तोच तिकडे त्या झाडाला. हा समज म्हाताऱ्याकोताऱ्यांपुरताच उरला आहे असेही नाही. १९९९ साली क्लेअर परगण्यात एका मोठ्या रस्त्याच्या आखणीत असे एक झाड आले, तेव्हा त्याच्यासाठी वर्तमानपत्रांतून रण माजले आणि अखेर झाड राखून रस्ता करण्यात आला.

अशाच एका झाडाखाली मुलांचे एक थडगे सापडल्याची बातमी एकदा रेडिओवर सांगितली गेली. थडग्यावर दगड नव्हता, नाव नव्हते. मुले शंभर-दीडशे वर्षांपूर्वीच्या मोठ्या दुष्काळातली होती, एवढेच कळत होते. ती बातमी ऐकणाऱ्यांत डब्लिन शहरातली एक लेकुरवाळी बाई होती. तिचे नाव मरिटा कॉनलन-मकेना. जन्म १९५६ चा. घरच्या व्यवसायात, मग बँकेत, मग प्रवासाची तिकिटे काढून देणाऱ्या कचेरीत तिने नोकरी केलेली. लेखिका म्हणून तिचे नाव कोणी ऐकलेले नव्हते. रेडिओवरच्या बातम्या आपण सगळेच ऐकतो आणि पोळी तव्यावर टाकतो. या बाईच्या मनातून मात्र ते झाड आणि त्याखालची मुले हलेनात. त्यांतून १९९० साली 'अंडर द हॉथॉर्न ट्री', म्हणजे 'हॉथॉर्नच्या झाडाखाली', ही मुलांसाठी लिहिलेली कादंबरी डब्लिनच्या ओब्रायन प्रेसने प्रसिद्ध केली. पुस्तक लहानसेच. पण आयर्लंडच्या शाळांतून ते एवढे वाचले गेले की, तिथल्या एका अख्ख्या पिढीने आपल्या देशाच्या इतिहासातला सर्वांत काळा भाग प्रथम ओळखला तो या गोष्टीतून.

दिवाळीच्या अंकात, चकलीचा तुकडा मोडता मोडता वाचायचा हा विषय नव्हे, असे कोणी म्हणेल. मला तसे वाटत नाही. भरल्या घरातच उपासमारीची गोष्ट नीट ऐकून घेता येते; उपाशी माणसाला ती कोणी सांगत नाही.

ती गोष्ट कळायची तर आधी बटाट्याची कहाणी कळायला हवी. बटाटा हे आपल्याला उपवासाच्या ताटात भेटणारे कंद. परंतु एकोणिसाव्या शतकातल्या आयरिश गरिबाचे तेच अन्न होते, सकाळी तेच आणि संध्याकाळी तेच. राबणारा गडी दिवसाला पाच-सहा किलो बटाटे खाई, सोबत थोडे ताक. याचा अर्थ त्या देशात दुसरे काही पिकत नव्हते असा मुळीच नाही. गहू, ओट, जव पिकत, लोणी निघे, गुरे, डुकरे पोसली जात. पण जमीन जमीनदाराची होती, आणि जमीनदार पुष्कळदा इंग्लंडात राहणारा. धान्य आणि जनावर विकून त्याचा खंड भरायचा, आणि उरलेल्या वीतभर तुकड्यात बटाटे लावून घरादाराची पोटे भरायची, असा व्यवहार होता. थोड्या जमिनीत पुष्कळ अन्न देणारे दुसरे पीक नाही, म्हणून बटाटा. देशातले तीसेक लाख लोक जवळजवळ त्या एकट्यावर जगत होते.

१८४५ च्या शरद ऋतूत त्या पिकावर रोग पडला. पाने काळी पडली, आणि जमिनीतले कंद उकरून काढावेत तो हाताला लिबलिबीत लागत. सगळ्या रानाला कुजका वास सुटे. हा एका बुरशीसारख्या सूक्ष्म जीवाचा प्रताप आहे, हे कळायला पुढे काही वर्षे जावी लागली. पहिल्या वर्षी पिकाचा मोठा भाग गेला. १८४६ साली जवळजवळ सगळेच गेले. १८४७ साली रोग हलका होता, तर लावायला बियाणे उरले नव्हते, कारण ते आदल्या हिवाळ्यात खाऊन झाले होते. १८४८ साली रोग पुन्हा आला. १८४१ च्या शिरगणतीत आयर्लंडची लोकसंख्या ८१ लाखांवर होती. १८५१ मध्ये ती साडेपासष्ट लाख भरली. सुमारे दहा लाख माणसे भुकेने आणि भुकेमागोमाग येणाऱ्या तापांनी मेली, आणि दहा लाखांहून अधिक देश सोडून गेली. कित्येक जहाजांवर वाटेतच एवढी माणसे दगावली की, लोक त्यांना शवपेट्यांची जहाजे म्हणू लागले.

आयरिश भाषेत या काळाला एक नाव आहे. त्याची फोड केली तर 'वाईट काळ', 'वाईट जिणे' असा अर्थ निघतो. आपला 'दुष्काळ' हा शब्द तरी दुसरा काय आहे? दोन टोकांच्या दोन बेटावेगळ्या भाषांनी उपासमारीला नाव देताना अन्नाचे नाव घेतले नाही, काळाला दूषण दिले. परंतु काळाला दूषण दिले की माणसे सुटतात, ही त्यातली मेख आहे.

माणसे कोण, हे सांगितलेच पाहिजे. सर रॉबर्ट पील या पंतप्रधानाने पहिल्या वर्षी अमेरिकेतून मका विकत आणवला. या मक्याच्या पिठाला तिकडे 'इंडियन मील' म्हणत. आपला त्यात काही संबंध नाही. तो इंडियन अमेरिकेतला. तो दगडासारखा कडक मका दळायचा कसा, शिजवायचा कसा, हे लोकांना ठाऊक नव्हते. तरीही त्या वर्षी त्याने पुष्कळांना तारले. १८४६ च्या मध्यावर पीलचे सरकार पडले, आणि नव्या सरकारात खजिन्याच्या किल्ल्या ज्याच्या हाती राहिल्या तो अधिकारी म्हणजे चार्ल्स ट्रेव्हेल्यन. हे नाव आपल्या इतिहासातही येते. आपल्याला इंग्रजी शाळा देणाऱ्या मेकॉलेच्या बहिणीचा हा नवरा. आधी दिल्लीत आणि कलकत्त्यात नोकरी करून गेलेला, आणि पुढे १८५९ साली मद्रासचा गव्हर्नर म्हणून परत आलेला. गृहस्थ कामसू होता, लाच खाणारा नव्हता, रात्र रात्र जागून कागद वाचणारा होता. मात्र बाजारभावात सरकारने ढवळाढवळ करू नये, फुकट अन्न दिले तर लोक आळशी होतात, आणि या आपत्तीमागे ईश्वराचाच काही सुधारणेचा हेतू आहे, अशी त्याची पक्की श्रद्धा होती. दुष्ट माणसापेक्षा असा सचोटीचा माणूस कधीकधी अधिक भयंकर ठरतो. बंदरांतून धान्य, लोणी आणि गुरे बाहेर जात राहिली. गाड्यांवर शिपायांचा पहारा असे.

फुकट द्यायचे नाही म्हणून कामे काढली गेली. कडाक्याच्या हिवाळ्यात, अंगावर धड वस्त्र नाही अशा माणसांनी दगड फोडायचे आणि रस्ते करायचे. त्यांतले काही रस्ते कुठेच जात नाहीत. डोंगरावर चढतात आणि मध्येच संपतात. ते आजही दाखवतात. १८४७ च्या मार्चमध्ये सात लाखांहून जास्त माणसे या कामांवर होती, आणि मजुरीत घरच्यांपुरते पीठ येत नव्हते. शेवटी ती कामे आवरून सरकारने सूप वाटण्याची केंद्रे उघडली. त्या वर्षीच्या जुलैत दिवसाला तीस लाखांवर लोकांना तिथे अन्न मिळत होते. म्हणजे मनात आणले तर देशभर अन्न पोहोचवता येत होते, हे त्याच सरकारने करून दाखवले. आणि शरद ऋतू येताच केंद्रे बंद केली. त्यापुढे वर्कहाउस. तिथे दारातच नवरा, बायको, मुलगे, मुली अशी ताटातूट होई. त्यात कायद्याला पाव एकराचे एक कलम जोडलेले: ज्याच्याकडे पाव एकराहून अधिक जमीन असेल त्याला मदत नाही. मूठभर पिठासाठी जमीन सोडायची, आणि जमीन सोडली की जन्मभर भीक. १८४८ साली ट्रेव्हेल्यनला 'सर' हा किताब मिळाला, तो याच कामगिरीबद्दल.

परक्यांनी मात्र हात आखडला नाही. पहिली मोठी मदत गेली ती आपल्या कलकत्त्याहून. तिथल्या आयरिश शिपायांनी आणि कंपनीच्या नोकरांनी पुढाकार घेऊन सुमारे १४,००० पौंड जमवले. तुर्कस्तानच्या सुलतानाने १,००० पौंड धाडले. अमेरिकेतले चॉक्टॉ नावाचे आदिवासी, ज्यांना सोळा वर्षांपूर्वी स्वतःच्या भूमीतून हुसकून शेकडो मैल चालवत नेले होते आणि ज्यांची माणसे त्या वाटेवर पडली होती, त्यांनी १८४७ साली १७० डॉलर पाठवले. आयर्लंड हे विसरलेले नाही. कॉर्क परगण्यातल्या मिडलटन गावी २०१७ साली त्या देणगीचे स्मारक उभे राहिले. पोलादाची पिसे वर्तुळात उभी करून रिकाम्या वाडग्याचा आकार साधलेला आहे.

हा झाला मोठ्यांचा इतिहास. आता यातून मुलांसाठी गोष्ट कशी करायची? बारा वर्षांच्या पोराला खजिन्याचे धोरण समजत नाही, आणि दहा लाख हा आकडा तर मोठ्यांनाही समजत नाही. मरिटाबाईंनी केले ते इतके साधे आहे की, इतकी वर्षे कोणाला कसे सुचले नाही असे वाटते. त्यांनी तीन मुले घेतली. थोरली आयली, बारा वर्षांची, तिच्यामागून मायकेल, धाकटी पेगी. या तिघांना जेवढे दिसले तेवढेच पुस्तकात आहे. बाप रस्त्याच्या कामावर गेलेला, त्याची खबर नाही. तान्ही बहीण ब्रिजेट जाते, आणि घरामागच्या शेतात हॉथॉर्नच्या झाडाखाली तिला पुरतात. मग नवऱ्याचा शोध काढायला आई निघते, आणि तीही परत येत नाही. जमीनदाराची माणसे येऊन या पोरांना वर्कहाउसात धाडू पाहतात. वाटेत पोरे निसटतात आणि चालू लागतात.

चालू लागतात, पण कुठे? ही या पुस्तकातली मला सर्वांत आवडलेली गोष्ट आहे. कॅसलटॅगर्ट नावाच्या दूरच्या गावी आईच्या दोन म्हाताऱ्या मावश्या आहेत, नॅनो आणि लीना. त्यांचे दुकान आहे. पोरांनी त्यांना कधी पाहिलेले नाही. आई रात्री चुलीपाशी बसून आपल्या लहानपणच्या गोष्टी सांगायची, त्यांत या मावश्या असत, त्यांच्या दुकानातला केक असे. पोरांपाशी नकाशा नाही, पैसा नाही, पत्र नाही. आईने सांगितलेल्या गोष्टी एवढाच त्यांच्याजवळचा पत्ता. त्या गोष्टींच्या भरवशावर ती देश तुडवतात. घरोघरच्या आयांना आणि आज्यांना वाटते की, आपण पोर झोपावे म्हणून काहीबाही सांगतो. आपण त्याच्या हाती वाटेचा दोरा देत आहोत हे त्यांच्या गावीही नसते.

वाटेतले पुष्कळ काही मी इथे सांगत नाही. ज्याला मिळेल त्याने मूळ वाचावे. भुकेने पिसाळलेली कुत्री आहेत. सूपासाठीची रांग आहे. पेगी तापाने फणफणते. एका ठिकाणी तर पोटात घालायला काहीच उरत नाही तेव्हा मायकेल रात्री रानातल्या एका गाईची शीर हलकेच कापून थोडे रक्त काढतो आणि जखम दाबून बंद करतो. गाय मरत नाही. ही लेखिकेची कल्पना नव्हे. त्या काळी लोक खरोखरच असे करत. आपल्याकडच्या वाचकाच्या अंगावर इथे शहारे येतील. पण थोडे थांबून पाहिले तर ध्यानात येते की, त्या पोरालाही ते गोड वाटलेले नाही. आणि गाय जगवूनच ते करायचे, एवढे भान त्याला आहे. लेखिका त्याची पाठही थोपटत नाही आणि त्याला पापीही ठरवत नाही. त्यापुढे काय झाले ते सांगते आणि पुढे जाते.

मुलांच्या पुस्तकात किती मरण दाखवावे, हा प्रश्न आम्हां मास्तरांना नेहमीच सतावतो. पालक येऊन सांगतात, 'सर, पोराला असलं वाचायला देऊ नका, रात्री दचकून उठतो.' काही जण तर पाठ्यपुस्तकातले मरणाचे धडे तेवढे वगळावेत अशा मताचे असतात. मरिटाबाईंनी यावर काढलेली तोड अशी: तान्ह्या ब्रिजेटचे मरण पुस्तकाच्या आरंभीच आहे, आडपडदा न ठेवता सांगितलेले आहे, आणि तिला मातीही माणसासारखी दिली जाते. आई पोरांना जवळ घेते, झाड फुललेले असते. त्यापुढे रस्त्यावर जी अनेक मरणे दिसतात त्यांची वर्णने अगदी आटोपशीर आहेत. कारण दुःख म्हणजे काय ते मुलांना आता कळलेले असते, ते पुनःपुन्हा दाखवायची गरज नसते. हे कसब शिकून येत नाही. मुलांना जेवू घालणारी बाईच असे लिहू शकते, असे मला वाटते.

उणेही सांगायला हवे. तिघेही भावंडे शेवटपर्यंत तगतात, आणि मावश्यांचे दार उघडते. त्या साली रस्त्याला लागलेल्या मुलांपैकी बहुतेकांच्या नशिबी असे दार नव्हते. कादंबरी म्हणून हे क्षम्य आहे. परंतु शिकवणाऱ्याने तेवढे वर्गात सांगावे. पुढे या मुलांच्या आणखी दोन कादंबऱ्या झाल्या. १९९१ च्या 'वाइल्डफ्लॉवर गर्ल'मध्ये तेरा वर्षांची पेगी एकटी जहाजाने बोस्टनला जाते आणि परक्याच्या घरी मोलकरीण होते. हे पुस्तक पहिल्याच्या तोडीचे आहे; परदेशी राबणाऱ्या मुलीच्या मनातला एकटेपणा त्यात फार खरा उतरला आहे. १९९६ च्या 'फील्ड्स ऑफ होम'मध्ये तिघेही मोठी झालेली आहेत, आणि तिघांच्या तीन वाटा सांभाळताना गोष्ट पांगते. पहिल्या पुस्तकाची धार त्याला नाही.

आता जरा विचारावेसे वाटते की, एवढ्या मोठ्या घटनेवर मुलांची अशी गाजलेली कादंबरी यायला १९९० का उजाडावे लागले? मोठ्यांसाठी लिहिले गेले होते. लिअम ओफ्लॅहर्टीची 'फॅमिन' १९३७ ची आहे, वॉल्टर मॅकनची 'द सायलेंट पीपल' १९६२ ची; आणि त्याच १९६२ साली सेसिल वूडम-स्मिथ या बाईंचा 'द ग्रेट हंगर' हा इतिहास आला आणि खूप गाजला. मुलांच्या वाट्याला मात्र राजे, वीर, परी आणि १९१६ चे बंड. याला एक कारण अगदी व्यवहारातले: आयरिश मुलांची पुस्तके फार काळ लंडनमध्ये छापली जात, डब्लिनचे प्रकाशक मुलांसाठी नेटाने छापू लागले ते १९८० नंतर. पण दुसरे कारण खोलवरचे आहे. जे मेले ते बोलू शकत नव्हते, आणि जे जगले त्यांना आपण कसे जगलो ते सांगायची लाज वाटत होती. शेजाऱ्याने सोडलेली जमीन कोणी घेतली, सूपासाठी कोणी धर्म बदलला, कोणी दार लावून घेतले, या गोष्टी गावागावात ठाऊक होत्या. म्हणून त्यांवर कोणी बोलत नसे.

तरी एकदा या गप्प बसलेल्या म्हाताऱ्यांना बोलते करण्यात आले, आणि ते केले शाळकरी पोरांनी. १९३७ ते १९३९ या काळात आयर्लंडच्या लोकसाहित्य आयोगाने शिक्षणखात्याची आणि शिक्षकांच्या संघटनेची मदत घेऊन एक विलक्षण उद्योग केला. प्राथमिक शाळांच्या वरच्या वर्गांतील, अकरा ते चौदा वर्षांच्या मुलांना सांगितले की, निबंधाऐवजी घरी जा, आजीआजोबांना, शेजारच्या म्हाताऱ्यांना विचारा, आणि ते जसे सांगतील तसे लिहून आणा. सुमारे पाच हजार शाळा आणि पन्नास हजार मुले. विषयांची यादी दिली होती: गावातल्या विहिरी, औषधी वनस्पती, भुते, खेळ, आणि त्यांत एक विषय 'दुष्काळाचे दिवस'. त्या वह्या डब्लिनच्या विद्यापीठात जपलेल्या आहेत, आणि आता कोणालाही घरबसल्या वाचता येतात. शाळकरी अक्षर, शुद्धलेखनाच्या चुका, आणि मध्येच काळजाला हात घालणारे काही. अमुक घर कोणाचे होते, आता तिथे नुसती भिंत आहे. अमुक कुंपणाखाली कोणाला पुरले आहे. सूपाची कढई अमुक ठिकाणी होती. मास्तर म्हणून मला या उद्योगाचा हेवा वाटतो. पाठ करून घेतलेल्या हजार निबंधांवर अशी एक वही ओवाळून टाकावी.

लोकांच्या तोंडी एक समजूतही राहिली आहे. दुष्काळात जिथे माणूस भुकेने पडले तिथे जे गवत उगवते त्यावर चुकून पाय पडला तर भरल्या पोटीही माणसाला अचानक असह्य भूक लागते, पाय लटपटतात. म्हणून रानातून जाताना खिशात भाकरीचा तुकडा ठेवावा. या समजुतीला कोणी वेडगळ म्हणो. इतिहास शिकवण्याच्या ज्या काही पद्धती मी पाहिल्या आहेत, त्यांत ही काही वाईट नाही.

आपल्या मराठी मुलांच्या ऐतिहासिक कादंबरीकडे वळून पाहिले की एक गोष्ट जाणवते. हरिभाऊ आपट्यांपासून पुढे आपण गड चढलो, खिंड लढवली, दरबार भरवले. आणि ते योग्यच झाले, आमच्या लहानपणीच्या सुट्ट्या त्यांवरच गेल्या. परंतु शिवरायांचा जन्म झाला तेच साल महाराष्ट्रातल्या भयंकर दुष्काळाचे होते. तुकोबांच्या घरातले माणूस त्यात अन्नावाचून गेले. १८७६ ते १८७८ चा दुष्काळ आपल्या पणज्यांच्या तोंडी होता. हरिभाऊंनीच 'काळ तर मोठा कठीण आला' ही दुष्काळावरची गोष्ट लिहून वाट दाखवली होती. मुलांच्या पुस्तकांनी मात्र ती वाट फारशी धरली नाही. आपल्या मुलांच्या इतिहासात घोड्याला चंदी आहे, स्वाराला तलवार आहे. गावात राहिलेल्या पोराने त्या वर्षी काय खाल्ले ते नाही.

१९७२ चा दुष्काळ तर अजून आपल्या माणसांच्या आठवणीत आहे. तो आयर्लंडसारखा नव्हता, हे कृतज्ञतेने सांगितले पाहिजे. सरकारने कामे काढली, धान्य आणवले, आणि माणसे लाखोंनी मरू दिली नाहीत. रोजगार हमीची कल्पना त्याच दिवसांत रुजली. पण अन्नावाचूनचे दिवस ते अन्नावाचूनचेच. माझी आई तेव्हा आयलीएवढीच, बारा वर्षांची होती. आजीबरोबर ती खडी फोडायला जाई. अमेरिकेतून आलेल्या लाल मिलोची भाकरी आणि कामावर मुलांना वाटली जाणारी सुकडी याखेरीज तिने त्या वर्षाबद्दल कधी काही सांगितले नाही. आमच्या शाळेच्या मागचा पाझर तलाव त्याच कामावर झालेला आहे. पोरे दर पावसाळ्यात त्यात डुंबतात.

गेल्या वर्षी मोकळ्या तासांना मी सातवीच्या वर्गाला या तीन आयरिश भावंडांची गोष्ट हप्त्याहप्त्याने सांगितली. ती संपली तेव्हा पहिला प्रश्न आला, 'सर, मग त्यांची आई सापडली का?' पहिल्या पुस्तकाच्या शेवटी ती सापडलेली नसते, तसे मी सांगितले. वर्ग बराच वेळ गप्प होता. मग मी त्या पन्नास हजार मुलांच्या वह्यांविषयी सांगितले आणि म्हटले, तुम्हीही घरी विचारा, बहात्तर साली काय झाले ते, आणि लिहून आणा. सक्ती नाही, गुण नाहीत.

आठवड्याभरात बावीस वह्या आल्या. एकीत विहिरीच्या तळाशी उतरून वाटीने पाणी भरल्याची हकीकत होती. दुसरीत गुरांच्या छावणीत दावणीला सोडलेल्या बैलजोडीची नावे होती, सर्जा आणि लाखा. एवढ्या वर्षांनी आजोबांना ती आठवत होती. एका मुलीने पाझर तलावाच्या भिंतीवर कोण कोण कामाला होते त्या बायकांची यादीच करून आणली. तीत माझ्या आजीचेही नाव निघाले. आणि शेवटच्या बाकावर बसणाऱ्या एका पोराच्या वहीत, तारीख आणि नाव घालून, सुवाच्य अक्षरात एकच ओळ होती: 'आजी म्हणाली, आत्ता नको, जेवण झाल्यावर सांगते.'